टोकाकडचे दात

“बाबा, शाळेची फळी वाकडी चिरली गेली ती माझ्यामुळे, की करवतीमुळे?”

हा प्रश्न बाबांना विचारून दाखव, अशी पैज टकळीच्या दोन मैत्रिणींनी तिच्याशी लावली होती. दोघी सुतारकामाच्या शेडच्या दारात पाठीला दप्तरं लावून उभ्या होत्या. एक वेणीवाली, दुसरी चष्मिश. आत यायची हिंमत दोघींत नव्हती, पण टकळीला पुढे ढकलायची हिंमत मात्र भरपूर होती. टकळी म्हणजे मिस्त्रींची मुलगी. सकाळी डोळे उघडायच्या आधी तिचं तोंड उघडतं, म्हणून टकळी. त्या दिवशी मात्र एवढं एकच वाक्य बोलून ती गप्प उभी राहिली.

मिस्त्रींनी हातातला रंधा थांबवला नाही. मान वर न करताच ते म्हणाले, “दोघींमुळे.”

मित्रांनो, त्यातली दुसरी मी.

मी एक जुनी करवत आहे. जुनी म्हणजे मोडकी नव्हे, हे आधीच सांगून ठेवते. पुढे माझ्याबद्दल बरंच वाईटसाईट बोललं जाणार आहे, आणि मध्येच उठून उलट बोलायची सोय मला देवाने दिलेली नाही. दात एवढे दिले, जीभ दिली नाही. म्हणून आज सगळं एकदमच सांगते.

माझा जन्म कारखान्यात झाला. पोलादाची लांबलचक पट्टी एका यंत्राखालून सरकत होती आणि यंत्र खटाखट तिच्या कडेला दात पाडत होतं. तुमच्या घरातल्या बाळाला पहिला दात आला की केवढं कौतुक होतं. आमची सगळी बत्तिशी एका दमात आली आणि कुणी वळूनही पाहिलं नाही. मग मला लाकडी मूठ बसवली, अंगाला तेल फासलं, कागदात गुंडाळलं आणि दुकानाच्या फळीवर बहिणींबरोबर रांगेत ठेवलं. आम्हा सगळ्यांचे दात अगदी एकसारखे. तेव्हा मला त्याचा अभिमान वाटायचा. तो मूर्खपणा होता हे मिस्त्रींनी मला विकत घेतल्यावर कळलं.

तेव्हा मिस्त्री तरुण होते आणि त्यांनी नुकतीच स्वतःची शेड उघडली होती. मला वाटलं, आता घरी नेतील आणि एखादं गुळगुळीत लाकूड खायला देतील. कसलं काय. त्यांनी मला आधी शेगड्यात पकडलं. शेगडा म्हणजे लोखंडाचा तो जबडा, ज्यात वस्तू घट्ट आवळून धरतात. मग तिकोनी कानस घेतली आणि कारखान्याने दिलेले माझे दात एकेक करून घासायला घेतले. तो आवाज आठवला की अजून अंगावर काटा येतो. खर्र, खर्र, खर्र. शेजारचा दुकानदार बघायला आला आणि म्हणाला, “अहो, कोरी करवत आहे, कशाला तिचे दात घासताय?”

“दुकानातले दात गिऱ्हाइकाला दाखवायचे,” मिस्त्री म्हणाले. “लाकडाला दाखवायचे वेगळे.”

त्यांनी मला काय करून ठेवलं, हे पुढे बऱ्याच वर्षांनी टकळीला समजावून सांगताना मी ऐकलं. टकळी तेव्हा एवढीशी होती. भुशाच्या ढिगावर बसून ‘का’ आणि ‘कसं’ यांचा नुसता पाऊस पाडायची. मिस्त्रींनी कोपऱ्यातला झाडू उचलला आणि काड्यांची जुडी तिच्यासमोर धरली.

“लाकूड म्हणजे हे. सगळ्या काड्या एका दिशेने. आता काड्यांच्या मधून उभं चिरत जायचं असेल तर काय लागेल?”

“पटाशी,” टकळी म्हणाली. पटाशीने कोरताना तिने बाबांना पाहिलं होतं.

“बरोबर. म्हणून उभं चिरायच्या करवतीचा प्रत्येक दात म्हणजे एक छोटी पटाशी. त्याची पुढची कड सरळ उभी, काटकोनात. तो लाकडाचा ढलपा उचलत पुढे जातो. आणि काड्या आडव्या कापायच्या असतील तर?”

“सुरी.”

“म्हणून आडवं कापायच्या करवतीचा दात सुरीसारखा. मागे रेललेला, आणि कड तिरकी घासलेली. एक दात डावीकडून कापतो, पुढचा उजवीकडून.”

“आणि दात पुढे झुकवला तर?”

“तर तो हावरा होतो. एवढा मोठा घास घेतो की घशातच अडकतो. मग ढकलणाऱ्याच्या खांद्याचं मरण.”

टकळी इतकी हसली की भुशात लोळली. त्या दिवसापासून घरात कुणी भराभरा जेवलं की ती म्हणायची, “पुढे झुकलेला दात.”

तर मी उभं चिरणारी. माझ्या शेजारच्या खुंटीवर आडवं कापणारी दुसरी करवत होती. तिला सगळे आडवीच म्हणत, आणि स्वभावानेही ती तशीच होती. माझं काम चालू असलं की खुंटीवरून खवचटपणे चमकत राहायची. पण तिचं काम तिला चोख यायचं आणि माझं मला. ना तिने माझ्या रेषेत नाक खुपसलं, ना मी तिच्या.

ती वर्षं माझ्या सुखाची. दारांच्या चौकटी, पलंगाच्या पट्ट्या, कपाटांच्या फळ्या, सगळं मी चिरलं. मी चालले की खाली जाडसर भुसा पडायचा, छोट्या छोट्या कुरळ्या सालींसारखा. मिस्त्री लाकडावर पेन्सिलीने रेघ ओढत, मला तिच्यावर टेकवत, आणि मग आम्हा दोघांत बोलायची गरजच उरत नसे. कुणी कौतुक केलं तर ते म्हणत, “हिला फक्त रेघ दाखवायची. पुढची वाट तिची तिला ठाऊक.” माझी कारखान्याची मूठ एकदा तडकली तेव्हा त्यांनी स्वतःच्या पंजाच्या मापाने नवी कोरली. अंगठा टेकायला त्यात खळगा केला. दुसऱ्या कुणी मला उचललं तर त्या खळग्याची कड त्याला टोचायची. मला ते फार आवडायचं.

टकळी थोडी मोठी झाली तशी चिरताना फळीचं दुसरं टोक धरायला येऊ लागली. फळी धरणं म्हणजे हमाली आहे असं समजू नका. चिरलेला भाग खाली लोंबला तर फट मिटते आणि मी मध्येच आवळली जाते. फार वर उचलला तरी तेच. टकळी बरोबर तेवढंच उचलायची. तोंडाची टकळी चालू, पण हात स्थिर. मी तिच्या हातांची साक्षीदार आहे. हे लक्षात ठेवा.

मग एकदा आडवीचं नशीब फिरलं. जुन्या लाकडात लपलेल्या खिळ्यावर ती गेली आणि तिचे मधले दात तुटले. तेव्हाच नेमकं खुर्च्यांचं मोठं काम आलेलं. आखूड आखूड तुकडे, सगळे आडवे कापायचे, आणि गिऱ्हाईक दारात ठाण मांडून बसलेलं. मिस्त्रींनी इकडेतिकडे पाहिलं आणि मला खुंटीवरून काढलं.

शेगड्यात पकडून त्यांनी माझ्या उभ्या दातांना मागे रेलवलं. कड तिरकी घासली, एक डावीकडून, एक उजवीकडून. दात नुसते वाकवून कोन बदलत नाही, मित्रांनो. पोलाद घासून घालवावं लागतं, आणि गेलेलं पोलाद परत येत नाही. मी निमूट सोसलं. घासता घासता ते माझ्याशी बोलत होते, खरंच बोलत होते. “एवढं निभावून ने बाई. काम संपलं की तुझे दात पुन्हा उभे करतो. शब्द देतो.” टकळी बाजूला उभी राहून दिव्याचा झोत माझ्यावर धरत होती. तिनेही ते ऐकलं.

मी निभावून नेलं. खुर्च्यांचे पाय आणि पट्ट्या मी सुरीसारख्या सफाईने कापल्या. भुसा पिठासारखा बारीक पडायचा. मला सारखं परक्याचे कपडे घालून फिरल्यासारखं वाटायचं, पण शब्द मिळाला होता ना. शब्दावर माणसं जगतात, मग करवतीने का नाही जगायचं?

काम संपलं. मिस्त्रींनी खरोखरच मला पुन्हा शेगड्यात लावलं. मुठीकडून सुरुवात केली. एकेक दात उभा होत गेला, मला माझीच ओळख पटत गेली. कानस अर्ध्याच्या थोडी अलीकडे पोहोचली आणि बाहेर टेम्पोचा हॉर्न वाजला. विजेचं चिरकाम यंत्र आलं होतं. मिस्त्रींनी कानस ठेवली, मला शेगड्यातून सोडवून खुंटीला अडकवलं आणि हात पुसत बाहेर धावले. खोकं उघडलं, वायर जोडली, यंत्राने पहिली किंचाळी फोडली. सगळे टाळ्या वाजवत होते.

मी वाट पाहत राहिले.

आता खुंटीची गंमत ऐका. गंमत कसली, माझा सगळा घात तिथेच झाला. करवत टांगतात ती मुठीने. मूठ वर, टोक खाली. म्हणजे येता जाता मिस्त्रींच्या डोळ्यांसमोर यायचे ते मुठीजवळचे दात, उभे आणि लखलखीत. रेललेले राहिले होते ते टोकाकडे, खाली, आणि तिथे फळ्यांची चवड रचलेली. मिस्त्री मला पाहायचे आणि त्यांना वाटायचं, झालं की काम. माणसाला आपण हाती घेतलेलं काम पूर्ण झाल्यासारखंच आठवतं, हे मी तेव्हा शिकले.

महिने गेले. यंत्र उभ्या फळ्या चिरत होतं. आडव्या कामाला नवी करवत आली. माझ्या पाठीवर भुसा साचला, मग भुशाखाली थोडा गंज. मला कुणी तेलाचं बोटसुद्धा लावलं नाही.

आणि मग टकळीच्या शाळेचं टेबल आलं.

शाळेच्या वाचनालयासाठी लांब टेबल हवं होतं. मुलींनी घरोघरी फिरून रद्दी जमवली, ती विकून टेबलाचं लाकूड घेतलं. एकच रुंद, सुंदर फळी, गाठ नसलेली. मोठ्या बाई, म्हणजे शाळेच्या मुख्याध्यापिका, ती चिरताना बघायला स्वतः आल्या. सोबत वेणीवाली आणि चष्मिश. टकळीचा रुबाब काय विचारता. “इथे उभ्या राहा. इथे नको, भुसा उडतो. हे यंत्र. हा शेगडा. ह्याला हात लावायचा नाही.” बाबांच्या शेडमध्ये ती जणू राणीच होती.

यंत्र सुरू करणार तेवढ्यात वीज गेली.

“थांबायचं का?” मोठ्या बाईंनी विचारलं.

“थांबायचं कशाला?” मिस्त्री हसले. “यंत्र आता आलंय. हात जुनेच आहेत.” आणि त्यांनी मला खाली काढलं.

माझ्या आनंदाला पारावार उरला नाही, आणि लगेच टोकाकडचे रेललेले दात आठवले. मला ओरडून सांगायचं होतं, टोकाकडे बघा, एकदा बोट फिरवून बघा. त्यांनी मुठीजवळच्या दातांवर अंगठा फिरवला, मान डोलावली आणि मला रेघेवर टेकवलं.

पुढचं ऐका. करवत पुढे ढकलताना आधी टोकाकडचे दात लाकडात असतात आणि शेवटी मुठीकडचे. माझे टोकाकडचे दात रेललेले. उभ्या रेषेत त्यांना पकडच मिळेना, ते नुसते ओरखडे काढत घसरत होते, लाकडाच्या रेषा जिकडे नेतील तिकडे जात होते. मग ढकल संपता संपता मुठीकडचे उभे दात यायचे आणि एकदम चावा घ्यायचे. गचका बसायचा. घसर, गचका. घसर, गचका. प्रत्येक गचक्याला सगळी फळी हादरत होती. पलीकडे टकळी दातओठ खाऊन ती धरून होती. मिस्त्री घामाघूम झाले. बाई बघतायत म्हणून थांबेनात, जोर वाढवत गेले. जोराने काय होतं? भरकटलेलं आणखी वेगाने भरकटतं.

शेवटी मी बाहेर आले तेव्हा रेघ एकीकडे होती आणि चीर दुसरीकडे. त्या फळीचं टेबल होणार नव्हतं. फार तर दोन अरुंद बाकं.

मोठ्या बाई हळूच म्हणाल्या, “हे असं कसं झालं, मिस्त्री?”

“फळी हलली,” मिस्त्री म्हणाले. “पोरीनं नीट धरली नाही.”

टकळीचे हात अजून फळीच्या टोकावरच होते. वेणीवालीने चष्मिशकडे पाहिलं. चष्मिशने चपलांकडे पाहिलं.

त्या गेल्यावर मिस्त्रींनी मला टेबलावर आपटलं. “आणि हिचं पोलादही मेलंय,” ते स्वतःशीच म्हणाले. “म्हातारी झाली.”

मित्रांनो, खिळ्यावर गेले असते तर मला इतकं लागलं नसतं. ज्याने माझे दात घासले, ज्याच्या अंगठ्याचा खळगा माझ्या मुठीत आहे, त्यानेच असं म्हणावं? माझं पोलाद जसंच्या तसं होतं. कोन अर्धे राहिले होते. ते त्यांच्याच हातून राहिले होते.

दुसऱ्या दिवशी शाळेत टकळीचं नवं नाव पडलं, भूकंप. “ए भूकंप, माझ्या बाकाला हात लावू नकोस.” “भूकंप आली, डबे घट्ट धरा.” रद्दीसाठी उन्हातून फिरलेल्या मुली होत्या त्या, त्यांचा राग साहजिक होता. मैत्रिणींचा जीव मात्र तिच्यावर होता. म्हणून तर त्यांनी पैज लावली. हलवली नाहीस म्हणतेस ना, मग बाबांना तोंडावर विचार.

तिने विचारलं. उत्तर तुम्हाला माहीत आहे.

मैत्रिणी गेल्यावर मिस्त्रींनी मला उचललं आणि खडूने माझ्या अंगावर रेघा मारल्या. टकळीची आई शेडमध्ये पॉलिशचं काम करते. लाकूड तासून गुळगुळीत करायला तिला पोलादी खरवडणी हवी होती. जुन्या करवतीचे चौकोनी तुकडे कापले की उत्तम खरवडण्या होतात. माझ्या चार झाल्या असत्या. मिस्त्री बायकोला म्हणाले, “नवी फळी आणायला उद्या जाऊन येतो. आलो की कापून देतो.”

म्हणजे माझ्याकडे एक दिवस होता.

त्या संध्याकाळी झाडताना टकळी थबकली. फळीखालचा भुसा तसाच पडला होता. तिने मूठभर उचलून बोटांत चोळला. आईजवळ गेली.

“आई, हे बघ. चिरकामाचा भुसा जाड पडतो ना? हा अर्धा पीठ आहे.”

“मग?”

“पीठ आडव्या दातांनी पडतं.”

तिने मला उजेडात नेलं. दप्तरातून कंपासपेटी काढली. पॉलिश पेपरच्या पाठीवर मला आडवं ठेवून टोकदार पेन्सिलीने माझ्या दातांची बाह्यरेषा काढली, आधी मुठीकडची, मग टोकाकडची. पट्टीने रेघा लांब केल्या आणि त्यांच्यावर कोनमापक ठेवलं. मुठीकडे काटकोन. टोकाकडे पंधरा अंश मागे. तिने पुन्हा मोजलं. मग ती जी उड्या मारत सुटली, की पॉलिशचा डबा लवंडता लवंडता वाचला.

“मी नाही हलवली. आई, गचक्याने हलली, मी नाही हलवली.”

बाबा हात धूत होते. ती कागद घेऊन धावली. “बाबा, टोकाकडचे दात रेललेलेच राहिलेत. तुम्ही म्हणाला होतात परत उभे करतो, ते अर्धेच झालेत.”

“मी उभे केलेत.”

“मुठीकडचे केलेत. टोकाकडे बघा ना.”

“टकळे, मी करवतीचे दात घासायला लागलो तेव्हा तू जन्मलीही नव्हतीस.”

“बघायला काय जातंय पण?”

“बघितलंय मी.”

त्यांनी पाहिलं नव्हतं. मी चार हातांवर पडले होते. टॉवेलने तोंड पुसत ते माझ्या अंगावरून नजर फिरवून गेले, जशी आपण ज्याचे पैसे देणं लागतो त्याच्यावरून फिरवतो.

दुसऱ्या दिवशी शाळेला सुट्टी होती. मिस्त्री फळी आणायला बाहेर पडले आणि टकळीने मला शेगड्यात आवळलं. आई दारात येऊन उभी राहिली.

“बाबांना न विचारता?”

“विचारलं की काल. त्यांनी बघितलं नाही.”

आईने माझ्या अंगावरच्या खडूच्या रेघा पाहिल्या. मग पदर खोचला. “दिवा कुठे धरू ते सांग. जिवंत करवतीच्या खरवडण्या मला नकोत.”

टकळीने आधी सपाट कानस सगळ्या दातांच्या शेंड्यांवरून फिरवली, म्हणजे उंची एकसारखी झाली. मग तिकोनी कानस घेतली. भंगार पट्टीवर चारदोन दात घासून पाहिले असतील तिने आजवर, पण अख्खी बाजू कधीच नाही. पहिलाच दात तिने उत्साहाच्या भरात जास्त घासला, तो पुढे झुकला. लाकडावर टेकवून पाहिलं तर तिथेच रुतून बसला.

“हावरा,” ती म्हणाली, आणि आई खुदकन हसली.

मग तो दात पुन्हा सरळ करून ती सावकाश झाली. एका लाकडी ठोकळ्याला काटकोनात खाच पाडून तो कानशीच्या टोकाला बसवला. ठोकळा सरळ असेपर्यंत दात सरळ, ठोकळा कलला की थांबायचं. तिरक्या कडा नाहीशा होत गेल्या. तिची बोटं काळी झाली, एक नख सोललं, तोंड मात्र अखंड चालू. शाळेतल्या भूकंपाचे सगळे किस्से तिने आईला सांगितले. सांगता सांगता मध्येच रडली, नाक बाहीला पुसलं आणि पुढचा दात घेतला. शेवटी दात एकाआड एक किंचित डावीउजवीकडे वाकवले, म्हणजे फट माझ्या अंगापेक्षा रुंद पडेल आणि मी अडकणार नाही. मग कापसाने तेल. किती दिवसांनी.

मी थोडी अरुंद झाले आहे. पण मी पुन्हा मी आहे.

मिस्त्री आले ते नवी फळी खांद्यावर घेऊन. मला शेगड्यात पाहताच त्यांचा चेहरा बदलला. “हात कुणी लावला हिला?”

“मी,” टकळी म्हणाली. “वाया गेलेल्या फळीचा तुकडा लावलाय. चिरून बघा. वाकडं गेलं तर तुम्हीच कापा हिला, मी धरते.”

बहुधा मला कापायच्याच तयारीने त्यांनी मला शेगड्यातून काढलं. अंगठा खळग्यात बसला. टकळीने पलीकडून तुकडा धरला. पहिली ढकल. घसर नाही. गचका नाही. खाली जाड, कुरळा भुसा पडायला लागला. दोन ढकलींनंतर मिस्त्रींचा खांदा सैल झाला, तो मला कळतो. रेघेवरून मी अशी गेले की रेघ अर्धी इकडे, अर्धी तिकडे.

ते थांबले. मला उलटं केलं. आणि मग त्यांनी टोकाकडे बोट फिरवलं. अगदी टोकापर्यंत.

“अर्धेच राहिले होते तर,” ते म्हणाले. अगदी हळू. टेम्पोचा तो हॉर्न त्यांना आठवला असावा, कारण ते दाराकडे पाहत राहिले.

मित्रांनो, इथे माझी गोष्ट संपली असती तर किती बरं झालं असतं. मी सगळं माफ करायला निघाले होते.

तेवढ्यात फोन वाजला. मोठ्या बाई होत्या. मिस्त्री भिंतीकडे वळून बोलायला लागले. “हो बाई, नवी फळी आणलीय. माझ्या खर्चाने, शाळेला भुर्दंड नाही. … नाही नाही, तसं काही होणार नाही आता. या वेळी पोरीला धरायला लावत नाही.”

त्या दिवशी ते हे बोलले तेव्हा त्यांना माहीत नव्हतं. आज माहीत होतं. बोटाला माझ्या दातांचं काळं अजून लागलेलं होतं.

“अहो,” आई म्हणाली, “नाचता येईना अंगण वाकडं, हे ऐकलं होतं. पण अंगण सरळ आहे हे डोळ्यांनी पाहूनसुद्धा?”

“अगं, गिऱ्हाइकाला काय करवतीच्या दातांचं पुराण सांगत बसू? फळी बदलून देतोय ना. लहान पोर आहे, चार दिवसांत विसरतील सगळे. मिस्त्रीची करवत चुकली म्हटलं की काम जातं.”

“आणि माझं?” टकळीने विचारलं. मिस्त्री तेल लावलेल्या बोळ्याने हात पुसत राहिले.

मित्रांनो, आमची काळजी घ्या, आम्हाला गंजू देऊ नका, काम झालं की तेलाचं बोट लावून ठेवा, असं मी सांगायला हवं. ते कराच. पण त्याहून मोठी एक विनंती आहे. काही बिघडलं तर लगेच पोलादाला आणि पोरीबाळींना नावं ठेवू नका. आधी आपण अर्धं सोडलेलं काम टोकापर्यंत बघा. आणि दिसल्यावर ते दिसलं म्हणा. न बघणाऱ्याचा मला राग आला होता. बघून गप्प बसणाऱ्याने माझा विश्वासच तोडला. दात पुन्हा उभे करता येतात, कारण दातांना कानस आहे.

टकळीने मला टेबलावरून उचललं आणि पाठीवरच्या खडूच्या रेघा ओल्या फडक्याने पुसून टाकल्या. सगळ्या पुसल्या गेल्यावरच ती वळली. आवाज चढला नव्हता. एरवी दहा वाक्यांत सांगते ते तिने थोडक्यात सांगितलं.

“आई, बाबा, मी ठरवलंय. उद्या प्रार्थना झाली की मी मोठ्या बाईंकडे जाणार. ही करवत आणि तो भुसा घेऊन जाणार, आणि फळी का वाकडी गेली ते सगळ्या वर्गासमोर सांगणार. बाबा, तुम्ही बरोबर आलात तर तुम्ही सांगा, मी एक अक्षर बोलणार नाही. नाही आलात तर मी सांगेन.”